सिंहस्थाच्या आराखड्यात सापासाठी एक पान

प्रति,
मा. आयुक्त, नाशिक महानगरपालिका,
राजीव गांधी भवन, शरणपूर रोड, नाशिक.



प्रयागचा कुंभ माघात भरतो. हरिद्वारचा उन्हाळ्याच्या तोंडाशी, उज्जैनचा भर वैशाखात. चारही ठिकाणांपैकी पावसाळा आला आहे तो एकट्या नाशिक-त्र्यंबकच्या वाट्याला. 2015 च्या सिंहस्थात रामकुंडावरची शाही स्नानं 29 ऑगस्ट, 13 सप्टेंबर आणि 18 सप्टेंबरला झाली. येत्या सिंहस्थाची जाहीर झालेली अमृतस्नानं 2 ऑगस्ट, 31 ऑगस्ट आणि 11 सप्टेंबर 2027 ला आहेत, आणि पहिल्या स्नानानंतर आठवड्याच्या आतच नागपंचमी आहे. प्रयागराजच्या 2025 च्या महाकुंभाचा अभ्यास आपल्या अधिकाऱ्यांनी केला, हे चांगलंच झालं. गर्दी कशी वळवायची, तरंगते पूल कुठे टाकायचे, शौचालयं किती लागतात, हे तिथं शिकता येतं. साप मात्र तिथं शिकता येत नाही. जानेवारीच्या थंडीत तो बिळात सुस्तावून पडलेला असतो. श्रावणात तो बाहेर असतो, ओला असतो, भुकेला असतो आणि त्याची नुकती अंड्यातून निघालेली पिल्लंही बाहेर असतात. नागाचं पिल्लू पहिल्या दिवसापासून विषारी असतं.

देशाचा हिशोब एकदा मांडून ठेवतो, म्हणजे या पत्राला घाबरट माणसाचं पत्र समजलं जाणार नाही. 2020 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासानुसार 2000 ते 2019 या काळात भारतात सर्पदंशानं सुमारे 12 लाख माणसं दगावली. वर्षाला सरासरी 58,000. त्यातले निम्मे मृत्यू जून ते सप्टेंबर या चार महिन्यांतले. याच चार महिन्यांत आपण तपोवनात साधुग्राम नावाचं एक शहर वसवणार आहोत.

तपोवनाची जागा आपण नकाशावर पाहिलीच असेल. पायी जाणाऱ्याला ती अशी दिसते: गोदावरी आणि कपिलेचा संगम, खडकातल्या कपारी, काठाची झाडी, जुने बांध, कडेचे मळे आणि मधली गवताळ मोकळी जमीन. दर बारा वर्षांनी काही महिने तिथं माणसांची वस्ती असते. एरवी ती जागा उंदीर, घुशी, बेडूक, सरडे आणि त्यांच्यावर जगणाऱ्या सापांची. 2025 च्या अखेरीस तपोवनातल्या झाडांवरून शहरात आंदोलन झालं. त्या वादात मी इथं शिरत नाही. झाडं राहोत किंवा जावोत, सपाटीकरणाचं यंत्र फिरलं की बिळं मोडतात, आणि बिळात राहणारा प्राणी नाहीसा होत नाही. तो शेजारच्या कुंपणाखाली, दगडांच्या ढिगात, जवळच्या सोसायटीच्या मीटरच्या खोलीत जातो. आणि त्या सपाट जमिनीवर आपण काय आणून ठेवतो? धुनीसाठी लाकडांचे ढीग, अंथरायला पेंढा, अन्नछत्रांची धान्याची पोती, उष्टं-खरकटं आणि जमिनीवर झोपलेली हजारो माणसं. उंदरासाठी तर ही पंगतच. उंदीर आला की त्याच्या वासावर साप येणार, त्यासाठी त्याला आमंत्रण लागत नाही.

अशा वेळी कार्यालयात एक फाइल फिरू लागते. सर्पप्रतिबंधक पावडर, गंधक, कार्बोलिक ॲसिड, डांबरगोळ्यांचा चुरा, फिनेलची फवारणी. किंवा सौरऊर्जेवर चालणारं, जमिनीत खोचायचं, माणसाला ऐकू न येणारा आवाज काढणारं यंत्र. दरपत्रकं जोडलेली असतात, छायाचित्रात फणा काढलेला नाग असतो. ती फाइल आपल्या टेबलावर अजून आली नसेल तर येईल. तिच्यावर सही करण्याआधी सापाला जग कसं कळतं एवढं पाहावं, ही विनंती. त्यापुढचे बरेच निर्णय त्यातूनच आपोआप सुटतात.

यंत्रापासून सुरुवात करू. सापाला बाहेरचा कान नाही, कानाचा पडदा नाही. आतला कान आहे, आणि तो एका बारीक हाडानं जबड्याशी जोडलेला आहे. जबडा जमिनीला टेकलेला असताना पावलांची थरथर त्या वाटेनं आत पोचते. म्हणून शेतात जाणारा माणूस काठी आपटत, पाय वाजवत जातो, आणि त्याचं बरोबरच असतं. साप ठार बहिरा, असं आपण शाळेत शिकलो. ते आता पूर्ण खरं राहिलेलं नाही. 2012 मध्ये अजगरजातीच्या सापांवर केलेल्या प्रयोगांत असं दिसलं, की हवेतून येणाऱ्या आवाजानं सापाची कवटी किंचित थरथरते आणि ती थरथर त्याला कळते. 2023 मध्ये ऑस्ट्रेलियात 19 साप एका खोलीत एकेक करून मोकळे सोडून त्यांना आवाज ऐकवले. विषारी जाती बहुतेक वेळा आवाजापासून दूर सरकल्या, तर वाळवंटातला एक अजगर उलट आवाजाकडे गेला. हे सगळे आवाज खर्जातले होते, 450 हर्ट्झच्या आतले. सापाचं ऐकणं त्याच्या फार वर जात नाही. बाजारातली यंत्रं 20,000 हर्ट्झच्या पुढे वाजतात. आपल्याला तो आवाज ऐकू येत नाही म्हणून आपण ती विकत घेतो. सापालाही तो ऐकू येत नाही, हे खोक्यावर छापलेलं नसतं. गारुड्याच्या पुंगीचंही तेच. नाग डोलतो तो समोर हलणाऱ्या पुंगीवर नजर ठेवत. सूर त्याच्यासाठी गौण.

आता पावडर. सापाच्या नाकपुड्या असतात, पण त्याचा खरा भरवसा जिभेवर. जिभेची दोन टोकं हवेतले आणि जमिनीवरचे गंधकण उचलतात आणि टाळूतल्या जेकबसनच्या इंद्रियापाशी पोचवतात. जीभ दुभंगलेली का, याचं उत्तर कर्ट श्वेंक या जीवशास्त्रज्ञानं 1994 मध्ये दिलं: डाव्या टोकाला वास जास्त की उजव्या, हे ताडून साप माग काढतो. उंदीर ज्या वाटेनं गेला ती वाट त्याला अशी दोन्ही बाजूंनी आखलेली मिळते. म्हणजे सापाला वास येतो, उत्तम येतो. पण वास येणं वेगळं आणि त्या वासाला भिऊन मागे फिरणं वेगळं. इथंच सगळी पावडर फसते. नॅप्थलीन आणि गंधक मिसळून अमेरिकेत सापांसाठी विकल्या जाणाऱ्या मिश्रणाच्या चाचण्या झाल्या, तेव्हा साप ते ओलांडून पुढे गेले. लसूण, झेंडू, सर्पगंधा हे घरगुती उपायही याच जातीचे. कार्बोलिक ॲसिड थेट अंगावर पडलं तर सापाची कातडी जळते, हे खरं. पण माणसाचीही जळते, आणि आपण बोलतो आहोत ते अनवाणी चालणाऱ्या साधूंच्या वस्तीबद्दल. शिवाय हे सगळं टाकायचं ऑगस्टमध्ये, नदीकाठी. पहिल्या जोरदार सरीला ते वाहत गोदावरीत जाईल, जिथं लाखो लोक डोकं बुडवायला येणार आहेत. या एका कारणासाठी तरी ती फाइल परत पाठवावी.

डोळ्यांबद्दल थोडक्यात. सापाला पापण्या नाहीत. डोळ्यावर एक पारदर्शक खवला असतो, तो कात टाकण्याच्या दिवसांत दुधाळ होतो आणि तेव्हा साप जवळजवळ आंधळा आणि चिडका होतो. एरवी त्याला हालचाल चांगली दिसते. समोर अचानक साप आला तर स्तब्ध उभं राहावं, तो निघून जातो, हा जुन्या माणसांचा सल्ला यातूनच आलेला आहे.

आणि उष्णतेबद्दल एक खुलासा करायलाच हवा, कारण हल्ली मोबाइलवर फिरणाऱ्या चित्रफितींत साप अंधारात माणसाच्या अंगाची ऊब ‘पाहतो’ असं हमखास असतं. काही साप तसं करतात. त्यांच्या चेहऱ्यावर उष्णता टिपणाऱ्या खळग्या असतात. त्यामागचं रेणूपातळीवरचं यंत्र डेव्हिड ज्युलियस यांच्या प्रयोगशाळेनं 2010 मध्ये शोधलं. ज्युलियस यांना पुढे 2021 चं नोबेल मिळालं ते तापमान आणि स्पर्शाच्या संवेदकांवरच्या कामासाठी. आपल्याकडे सह्याद्रीतल्या चापड्याला आणि अजगराला अशा खळग्या आहेत. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे, म्हणजे ज्यांच्या दंशानं आपल्याकडे माणसं मरतात त्या चौघांपैकी एकालाही नाहीत. तेव्हा तंबूत झोपलेल्या माणसाची ऊब हेरून मण्यार येत नाही. ती पाली, उंदीर आणि दुसरे साप शोधत भिंतीच्या, पडद्याच्या, अंथरुणाच्या कडेकडेनं सरकत असते. माणूस झोपेत कूस बदलतो आणि ती त्याच्याखाली सापडते.

याचा अर्थ असा, की सापाला भरवशानं दूर ठेवणारा वास, आवाज किंवा प्रकाश नसतो. त्याला खेचणाऱ्या गोष्टी मात्र असतात आणि त्या सगळ्या महापालिकेच्या अखत्यारीत येतात: कचरा, उंदीर, अडगळ, गवत, तुंबलेली गटारं. सर्पप्रतिबंधाचं खातं वेगळं काढायची गरज नाही, ते घनकचरा विभागातच आहे. नाशिककरांना घंटागाडीची सवय जुनी आहे. साधुग्रामात ती दिवसातून एकदा सकाळी येऊन पुरणार नाही. रात्रीची पंगत उठल्यावर, अंधार पडून उंदीर बाहेर यायच्या आत खरकटं उचललं गेलं पाहिजे. धुनीची लाकडं जमिनीवर न रचता लोखंडी घडवंचीवर, खालून आरपार दिसेल इतक्या उंचीवर रचली पाहिजेत. निफाड-लासलगावकडचा कोणीही शेतकरी सांगेल: कांदाचाळीखालची जागा मोकळी, झाडलेली असेल तर तिथं साप थांबत नाही, तिथं जुने बारदान आणि तुटके क्रेट कोंबले की थांबतो.

उंदरांचा बंदोबस्त मात्र साधुग्राम भरण्याच्या कितीतरी आधी करायला हवा. ऐन जुलैत बिळांत औषध टाकून उंदीर मारले तर उपाशी साप वस्तीत पसरतील. गवताचंही तसंच. उन्हाळ्यात, जमीन कोरडी असताना, ते बुडापर्यंत कापून उचलून न्यावं. कापून तिथंच ढीग केला तर आपण सापासाठी घर बांधून दिलं. सपाटीकरण करताना यंत्रं चारही बाजूंनी एकदम आत घुसवू नयेत. नदीच्या बाजूला वाट मोकळी ठेवून एका कडेनं, सावकाश, वन विभागाची माणसं सोबत घेऊन पुढे जावं, म्हणजे जे प्राणी आहेत ते सरकू शकतील. आपल्याकडे नागपंचमीला नांगर धरत नाहीत, जमीन खणत नाहीत, घरात चिरणं-भाजणंही टाळतात. साधुग्रामापुरता हा नियम पावसाळाभर वाढवावा असं मी सुचवेन: जूननंतर तिथं खणकाम नको.

झोपण्याचा प्रश्न सगळ्यात अवघड. नागरी वस्तीत खाट सांगता येते. जमिनीवर झोपणं हे ज्यांचं व्रत आहे त्यांना ती देता येणार नाही, आणि देऊही नये. मच्छरदाणी देता येईल. नेपाळच्या तराईत 2007 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात मच्छरदाणीत झोपणाऱ्यांना सर्पदंशाचा धोका कमी असल्याचं दिसलं. अट एकच, तिची कड चटईखाली चहूबाजूंनी खोचलेली हवी. डेंग्यू-मलेरियासाठी आपण मच्छरदाण्या वाटणारच असाल, तर त्या लोंबत्या टांगायच्या नसून खोचायच्या आहेत, एवढं कोणीतरी तंबूत जाऊन दाखवावं. पेंढ्याऐवजी जाड ताडपत्री अंथरली तर आणखी बरं. आणि दिवे. दिव्याला साप घाबरत नाही. उलट दिव्याखाली किडे जमतात, किड्यांमागे बेडूक येतात. दिवा माणसाला पाय कुठे पडतो ते दिसावं म्हणून हवा. तेव्हा उंच मनोऱ्यावरच्या झगझगाटापेक्षा शौचालयाकडे जाणाऱ्या वाटेवर गुडघ्याएवढ्या उंचीचे दिवे लावावेत. रात्री तीन वाजता अनवाणी उठणारा माणूस त्याच वाटेनं जातो.

पुराचा विचार या सगळ्यावर मात करतो. गंगापूर धरणातून विसर्ग वाढला की शहर नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीकडे पाहतं. पाणी त्याच्या कमरेला लागलं, छातीला लागलं, अशा भाषेत आपण नदीची उंची मोजतो. त्याच वेळी काठावरची सगळी बिळं भरत असतात. साप पोहतात, पण बहुतेक साप पाण्यात राहत नाहीत. ते उंच कोरडी जागा शोधतात, आणि आपण माणसांना नेमकं तिथंच हलवतो. पूर ओसरल्यावर चिखल काढायला उतरणाऱ्या सफाई कामगारांच्या पायांत गमबूट आणि हातांत लांब दांड्याची फावडी असावीत. हाताने कचरा उचलायला कोणालाही लावू नये. हे वाक्य आराखड्यात ठळक अक्षरांत हवं, कारण अशा वेळी सर्वांत आधी चावा बसतो तो या माणसांना, आणि त्यांचे फोटो वर्तमानपत्रात येत नाहीत.

सिंहस्थ संपेल, शहर राहील. मखमलाबाद, आडगाव, पाथर्डी, म्हसरूळ, गंगापूर रोडच्या टोकाची नवी घरं द्राक्षबागा आणि भाजीच्या मळ्यांवर उभी राहिली आहेत. बागेच्या बांधावरची धामण तिथंच आहे, तिच्या आजूबाजूला आता वाहनतळ आहे. इथल्या लोकांना पावडरची नाही, थोड्या माहितीची गरज आहे. दाराखालची फट बोट जाईल एवढी असेल तर तिथून साप जातो. रबरी पट्टी लावावी. न्हाणीघराच्या आणि मोरीच्या तोंडाला जाळी बसवावी, वातानुकूलन यंत्राच्या नळीभोवतीचं भोक सिमेंटनं बुजवावं. खिडकीला टेकलेली वेल आणि फांदी छाटावी. बांधकामातून उरलेल्या विटा, फरशा, कौलं परसात वर्षानुवर्षं पडून असतात. ती काढून टाकावीत. बांधकाम पूर्णत्वाचा दाखला देताना आपले अभियंते अनेक गोष्टी तपासतात. इमारतीच्या आवारात राडारोडा शिल्लक नाही ना, आणि गटाराच्या तोंडाला जाळी आहे ना, हेही त्याच यादीत घालता येईल. यासाठी नवा पैसा लागत नाही.

सापांची ओळख पटवून देणारा एक फलकही हवा, आणि त्यावर कवड्या पहिला असावा. हा बिनविषारी साप पालींच्या मागे घरात शिरतो, भिंतींवर चढतो, आणि नाशिकच्या कित्येक घरांत मण्यार समजून मारला जातो. दोघांच्या अंगावर पांढरट पट्टे. कवड्याचे पट्टे मानेपासून ठळक सुरू होतात आणि शेपटीकडे विरत जातात. मण्यारीचं उलट, तिचे पट्टे मानेजवळ पुसट किंवा नसलेलेच असतात आणि शेपटीकडे स्पष्ट होतात. दुसरी गल्लत अजगर आणि घोणशीची. घोणशीच्या अंगावर साखळीसारख्या गोल ठिपक्यांच्या रांगा असतात आणि डिवचली तर ती कुकरच्या शिट्टीसारखा फुत्कार सोडते. अजगराचं पिल्लू समजून कोणी तिला हातात घेतलं, तर बाकीचं सांगायला नको. फलक लावताना एक काळजी घ्यावी: तो वाचून कोणी साप पकडायला जाऊ नये. ओळखा, दूर राहा, फोन करा, एवढंच. तो फोन कुठे लागतो, हे आज शहरात सगळ्यांना सारखं ठाऊक नाही. महापालिका, अग्निशमन दल आणि वन विभाग मिळून एकच क्रमांक असावा.

दंश झालाच तर? इथं मला वाटतं तयारीची खरी परीक्षा आहे. मण्यारीचा चावा अनेकदा दुखत नाही, सूज येत नाही, खूणही दिसत नाही. रात्री चावलेला माणूस पहाटे पोटदुखीनं उठतो, त्याच्या पापण्या जड होतात, बोलणं जडावतं, आणि तासाभरात श्वास मंदावतो. तंबूतले सोबती अपचन समजून त्याला ओवा देतात. साधुग्रामातल्या प्रत्येक दवाखान्यातल्या डॉक्टरला पावसाळ्यातल्या पहाटेची पोटदुखी आणि मिटत जाणाऱ्या पापण्या दिसल्या की मण्यार आठवली पाहिजे. घोणस आणि फुरशाच्या विषानं रक्त गोठायचं थांबतं. त्यासाठीची चाचणी फार साधी आहे: स्वच्छ, कोरड्या काचेच्या नळीत थोडं रक्त घेऊन 20 मिनिटं न हलवता ठेवायचं आणि मग नळी तिरकी करून ते गोठलं का पाहायचं. नळी काचेचीच हवी, प्लास्टिकची चालत नाही. लाखोंच्या खरेदीत या काही रुपयांच्या नळ्या राहून जातात.

आपल्याकडची प्रतिविषं घोड्यांपासून बनतात आणि चारही प्रमुख सापांच्या विषावर चालतात. एका गंभीर रुग्णाला सुरुवातीलाच आठ ते दहा कुप्या लागतात, म्हणजे दवाखान्यात दोन कुप्या ठेवून हजेरी लावण्यात अर्थ नाही. अमृतस्नानाच्या दिवशी पंचवटी आणि तपोवनाचे रस्ते वाहनांना बंद असतील. त्र्यंबक रोडवरच्या जिल्हा रुग्णालयात 108 ची गाडी किती वेळात पोचेल, याचा अंदाज आपल्याला माझ्याहून चांगला असेल. म्हणून प्रतिविष, श्वास चालू ठेवायचं यंत्र आणि ते चालवणारा माणूस साधुग्रामाच्या आतच हवा. दंशाच्या जागी चिरा मारणं, आवळून बांधणं, चोखणं, मंत्र घालून बसवून ठेवणं या गोष्टी तिथल्या गर्दीत नक्की घडतील. त्या थांबवण्याचं काम आखाड्यांच्या महंतांच्या मुखातूनच होऊ शकतं. सरकारी भोंग्यावरून होणार नाही. त्यांच्याशी होणाऱ्या पहिल्याच बैठकीत हा विषय काढावा. डॉक्टरांच्या प्रशिक्षणासाठी फार लांब जावं लागत नाही. पुणे-नाशिक महामार्गावर नारायणगावला डॉ. सदानंद राऊत हे काम वर्षानुवर्षं करत आहेत. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांचं विंचू आणि सर्पदंशावरचं काम तर जगाला ठाऊक आहे; 2022 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली.

केंद्र सरकारनं मार्च 2024 मध्ये सर्पदंशासाठी राष्ट्रीय कृती आराखडा जाहीर केला. 2030 पर्यंत मृत्यू निम्म्यावर आणायचं त्यात ठरलं आहे, आणि 2024 च्याच नोव्हेंबरमध्ये राज्यांना सर्पदंशाची नोंद सक्तीची करायला कळवलं गेलं. साधुग्रामातल्या प्रत्येक दंशाची वेळ, जागा आणि रुग्ण काय करत होता, एवढं तरी लिहून ठेवावं. 2015 च्या अशा नोंदी आज हाताशी असत्या, तर मला हे पत्र अंदाजानं लिहावं लागलं नसतं.

सर्पमित्रांबद्दलही लिहायला हवं. शहरात कोणीही फोन केला की धावत येणारी ही मुलं बहुतेक स्वखर्चानं, स्वतःच्या दुचाकीवर येतात. त्यांच्यातले काही जण कॅमेऱ्यासमोर नागाच्या फण्याला हात लावतात, त्यांची मी तरफदारी करणार नाही. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या सुधारणेनंतर नाग, घोणस आणि धामण आता पहिल्या अनुसूचीत आहेत. खेळ करण्याची मुभा कोणालाच नाही. पण चांगलं काम करणाऱ्यांना सिंहस्थाच्या काळात ओळखपत्र, पाळ्या, हुक-पिशव्या-नळ्या असं साहित्य, विमा आणि बंद रस्त्यावरून जायचा पास मिळायला हवा. पोलिसांच्या अडथळ्यापाशी सर्पमित्र हुज्जत घालत उभा आणि आत तंबूत घोणस, असं दृश्य टाळता येण्यासारखं आहे. पकडलेला साप कुठे सोडायचा, हेही वन विभागानं आधीच ठरवून द्यावं. दूर अनोळखी डोंगरात नेऊन सोडलेला साप तिथं जगतोच असं नाही.

शेवटी त्र्यंबकेश्वराबद्दल एक वाक्य, रागावू नये. हातून किंवा पूर्वजांच्या हातून नाग मारला गेला म्हणून प्रायश्चित्ताला, नारायण नागबळीला, देशभरातून माणसं तिथं येतात आणि पिठाच्या नागावर अंत्यसंस्कार करून जातात. तीच माणसं पुढे नाशकात उतरतात. सर्पसाक्षरतेचा फलक लावायला त्या रस्त्यासारखी जागा महाराष्ट्रात दुसरी नसेल. तिथला वाचणारा आधीच सापाचा विचार करत आलेला असतो. त्र्यंबकची हद्द आपली नाही, पण जिल्हाधिकाऱ्यांशी बोलून हे सहज जमेल.

एवढं सगळं एका पानात बसतं. कामांचा क्रम हवामान ठरवतं: गवत आणि राडारोडा उन्हाळ्यात, उंदीर त्याही आधी, खणकाम जूनच्या आत पूर्ण, प्रतिविषाची मागणी पुरवठ्याला लागणारा वेळ धरून. मे महिन्यात गवत कापायचं असेल तर निविदा हिवाळ्यातच काढावी लागेल. म्हणून हे पत्र पावसाची वाट न पाहता पाठवतो आहे.

कळावे.

आपला,
पंचवटीतला एक रहिवासी